लोहारांच्या देवाला तोंड हवं का? (कादंबरीसाठी मदत हवी)

तांबडी_माती

नमस्कार मंडळी. चार वर्षं इथं वाचनमात्र होतो, आज पहिला धागा काढतोय. गाव खानापूर तालुक्यात, नोकरी बेळगावात. रात्री जेवणं झाली की एक कादंबरी लिहितो. जग पूर्ण काल्पनिक आहे. सात घाट, मधून वाहणारी तांबरी नदी, दोन काठांवर दोन भाषा (सीमाभागातल्या माणसाला दुसरं काय सुचणार म्हणा). बंदुकीची दारू कुणाला माहीत नाही, लोखंड सगळ्यांना माहीत आहे.

या जगात धातुकामाचा एक देव आहे, लोहेंद्र. चार हात, चारही हातांत घण, डोळे निखाऱ्यासारखे. डोंगराच्या टोकावर त्याचं सोन्याच्या कळसाचं देऊळ. युद्धाला निघण्याआधी राजा तिथं तलवार वाहतो. वर्षातून एकदा पुजारी मूर्तीवर वितळलेल्या लोखंडाचा अभिषेक करतात. चंद्र त्यानंच घडवला अशी कथाही रचली आहे.

तीन प्रकरणं झाल्यावर बायकोला वाचायला दिली. ती म्हणाली, "हा देव कधी कामाला गेलेला वाटत नाही."

तेव्हापासून पेन अडलंय. काय चुकतंय ते सांगा. झोडपलंत तरी चालेल.

पुण्यात_अडकलेला

आधी नाव बदला. लोहेंद्र वाचल्यावर बांधकामाच्या सळ्यांची जाहिरात डोळ्यांसमोर आली. "लोहेंद्र, घर तुमचं, ताकद आमची."

वहिनींचं निरीक्षण मात्र जबरदस्त आहे. ग्रीकांचा हेफायस्टस बघा. लंगडा, घामेजलेला, बाकीचे देव त्याला हसतात. तो कामाला जातो. पश्चिम आफ्रिकेतल्या योरुबा लोकांचा ओगुन हा लोखंडाचा देव. आज तिथले ड्रायव्हरही त्याला मानतात, कारण गाडी लोखंडाची. म्हणजे जो लोखंड हाताळतो त्याचा तो देव. तुमचा लोहेंद्र राजाचा झालाय, लोहाराचा राहिलेला नाही.

कोल्डशट

मी उद्यमबागेत फौंड्रीत मोल्डिंगला आहे, सव्वीस वर्षं झाली. कादंबरीतलं मला काय कळत नाही, पण अभिषेकाचं वाचून चहा सांडला बघ.

वितळलेलं लोखंड ओतणार कसं रे? शुद्ध लोखंड वितळायला 1538 अंश लागतात. तुझ्या जगात चामड्याचा भाता आणि लोणारी कोळसा. त्या धगीत लोखंड पाणी होत नाही. दगडातून सुटतं ते स्पंजासारखं भोकाभोकाचं गोळं. मळी, म्हणजे दगडातली वितळलेली घाण, अजून त्यातच असते. गरम आहे तोवर घण मारून मारून ती पिळून काढायची, तेव्हा कुठं लोखंड हातात येतं. आपल्याकडं जुन्या काळी असंच होतं.

आता लोखंडानं कोळसा जास्ती खाल्ला तर ते साडेअकराशे-बाराशेला वितळतं, ते खरं. पण मग ते बीड झालं. बीड ओतता येतं, ठोकता येत नाही. घण मारलास तर तुकडे. म्हणजे तुझ्या देवाच्या चार हातांतले चार घण त्या अभिषेकाच्या काय कामाचे नाहीत. आधी ठरव, तुझा देव ओतणाऱ्यांचा की ठोकणाऱ्यांचा? दोन्ही वेगळी माणसं असतात, जेवायला पण वेगळी बसतात.

आणि अभिषेक झाल्यावर मूर्ती राहील काय? वरून बीड ओतलंस आणि खाली दवानं ओलसर झालेला दगड असला तर भडका उडून पुजारीच जाईल.

तांबडी_माती

कोल्डशट काका, हे मी कुठंच वाचलं नव्हतं. मग ओतणारी माणसं देवाला काय मागतील?

निपाणीचा_धूर

वाचनखूण साठवली. काका, लिहा अजून.

कोल्डशट

काय विचारूलालास ते कळलं. सांगतो, पण सुट्टीच्या दिवशीच लिहायला जमतंय.

पाणी. आमच्या कामात सगळी भीती पाण्याची. साच्याची वाळू असते तिच्यात बेंटोनाइट (चिकट माती) आणि थोडं पाणी घालतात, शंभराला तीन-चार भाग. कमी झालं तर साचा ढासळतो, जास्त झालं तर वाफ होऊन माल भोकाभोकाचा निघतो. आता यंत्र आहे मोजायला, पण जुना मोल्डर आजही मूठभर वाळू घेतो, दाबतो, बोटांचे ठसे उमटले का बघतो, मग मधे मोडतो. कडा धारदार मोडली तर ठीक. मी पण तसंच करतो. जून ते सप्टेंबर बेळगावचा पाऊस तुला माहीतच आहे. त्या चार महिन्यांत वाळू रोज वेगळी वागते. ओला भंगार भट्टीत पडला तर काय होतं ते मी एका ठिकाणी बघितलंय, त्यावर जास्त लिहीत नाही.

दुसरं म्हणजे गप्प बसणं. लॅडल (ओतायचं भांडं) तिरकी केली की धार तुटता कामा नये. मधे थांबलास तर आधीचं थंड व्हायला लागतं, नंतरचं त्याला चिकटत नाही. दिसायला अखंड, आत फट. त्याला कोल्ड शट म्हणतात. माझं इथलं नाव त्यावरूनच आहे, पहिल्या वर्षी माझ्या हातून तेवढंच झालं. म्हणून ओतताना कोण बोलत नाही. कुणी शिकवलं नाही, आपोआप येतं. देवळात तरी लोक बोलतात, ओतताना नाही.

तुझ्या देवळाचं बघायचं तर, सोन्याचा कळस कशाला? अंधार कर. लोहार उन्हात काम करत नाही, उन्हात लोखंडाचा रंग कळत नाही. तांबडं, नारिंगी, पिवळं, पांढरं, हे सगळं सावलीत बघायचं असतं.

अव्वाची_नात

काकांचा प्रतिसाद दोनदा वाचला. अंधाऱ्या देवळाची कल्पना फार आवडली.

माझी आजी कन्नड, आजोबा मराठी, घर सौंदत्ती तालुक्यात. शिरसंगीची कालिकादेवी आमच्या भागात सगळ्या पांचाळांची: लोहार, सुतार, तांबट, पाथरवट, सोनार. विश्वकर्म्याचे पाच मुलगे, मनू लोखंडाचा, मय लाकडाचा, त्वष्टा तांब्या-काशाचा, शिल्पी दगडाचा आणि दैवज्ञ सोन्याचा, ही कथा तुम्हालाही माहीत असेल. गंमत बघा, बाप एवढा मोठा देव, पण लोक जातात देवीकडे. तुमच्या लोहेंद्राला आई, बहीण, बायको कुणीच नाही. आपल्याकडचा असा एकटा देव दाखवा.

दुसरं म्हणजे खंडेनवमी. कारखान्यातून लेथला, वेल्डिंग मशिनला, अगदी तोलायच्या वजनांना हळदकुंकू. दारात कोहळा फोडायचा, चिरमुरे वाटायचे. त्या दिवशी हत्याराला काम सांगत नाहीत. वर्षभर ते आपलं ऐकतं, एक दिवस आपण त्याचं ऐकायचं, असं अव्वा म्हणायची. तुमच्या राजानं तलवार वाहिली ती ठीक, पण फाळ, विळा, खुरपं, अडकित्ता कुणी वाहिलं?

नावासाठी एक शब्द देते. कन्नडमध्ये पोलादाला 'उक्कु' म्हणतात. युरोपात गाजलेल्या वूट्झ पोलादाचं नाव याच शब्दातून आलं असं सांगतात. आणि दूध उतू जातं त्यालाही 'उक्कु'च. अव्वा चुलीपाशी ओरडायची तेव्हा लहानपणी मला वाटायचं दुधातून लोखंड येतंय.

पुण्यात_अडकलेला

उक्कोबा!

घाटावरचा

बेळगावच्या मराठी कादंबरीत कानडी नावाचा देव? छान. म्हणजे आता कादंबरीसुद्धा 'बेळगावी' म्हणून छापा.

अव्वाची_नात

विठोबाला कानडा म्हणतो आपण. ते चालतं?

घाटावरचा

ते वेगळं. 1956 पासून काय काय झालं ते

संपादक

सीमाप्रश्नावर या संस्थळावर स्वतंत्र विभाग आहे. वरच्या प्रतिसादाचा पुढचा भाग आणि त्याखालचे अकरा प्रतिसाद तिकडे हलवले आहेत. इथं फक्त देवाबद्दल बोला.

पाणी_देणारा

उशिरा आलो. मी हीट ट्रीटमेंटमध्ये आहे, म्हणजे पूर्वीचे लोक म्हणत तसं 'पाणी देतो'. कोल्डशट यांनी ओतकामाचं सांगितलं, मी धारेचं सांगतो.

कोयता घडवून झाला की तो मऊच असतो. तापवून पाण्यात किंवा तेलात बुडवला की कडक होतो. इतका, की हातातून पडला तर काचेसारखा फुटेल. मग परत हलकासा तापवायचा. घासून चकचकीत केलेल्या पात्यावर रंग चढत जातात: आधी गवती पिवळा, सव्वादोनशे अंशांच्या आसपास. मग तांबूस तपकिरी, मग जांभळा, तीनशेच्या सुमाराला मोरपंखी निळा. कोणत्या रंगावर थांबायचं हे हत्यारावर. वस्तऱ्याला पिवळा, कुऱ्हाडीला जांभळ्याच्या जवळ, स्प्रिंगला निळा. रंग पळतात, डोळा मिटेपर्यंत पुढचा आलेला असतो.

पण कादंबरीसाठी खरी गोष्ट त्याच्या आधीची आहे. पाण्यात बुडवायचं कधी? आजही हौशी लोहार लोहचुंबक दोरीला बांधून ठेवतात. लोखंड तापत जातं, चुंबकाला चिकटत राहतं, आणि 770 अंशांच्या आसपास एकदम चिकटायचं बंद होतं. लोखंड तेच असतं, रंग गडद चेरीचा, पण चुंबकाशी त्याची ओळखच राहत नाही. थंड झालं की ओळख परत येते. याला क्युरी तापमान म्हणतात. साध्या कार्बन पोलादाला पाणी द्यायची वेळही त्याच्या जवळपासच येते.

तांबरी नदीकाठच्या लोकांना पदार्थविज्ञान माहीत नाही. त्यांना एवढंच दिसतं, की रोज चुंबकाच्या मागे धावणारं लोखंड एका क्षणी कुणाचंच ऐकत नाही. त्या क्षणाला ते काय म्हणतील?

निपाणीचा_धूर

अंगात आलं म्हणतील.

तांबडी_माती

अंगावर काटा आला. ऑफिसात वाचतोय, शेजारचा विचारतोय काय झालं.

कोल्डशट

होय की. बेस्ट.

सगळ्यात_शंका

मी एकटाच विरोधात आहे असं दिसतंय, तर असू दे. तुम्ही सगळे मिळून देव बनवताय की क्वालिटी कंट्रोलचं खातं? वाळूतलं पाणी मोजणारा, तापमान सांगणारा, गप्प बसायला लावणारा. देवाला माणूस घाबरतो, नवस बोलतो, त्याच्याशी भांडतो. इथं भीती कुठंय? सगळ्याला कारण आहे.

पाणी_देणारा

कारण आपल्याला माहीत आहे, त्यांना नाही. एक उदाहरण देतो. पाणी दिलेलं काम कधी कधी बाहेरून अगदी निर्दोष निघतं. तपासलं, ठेवलं, कुलूप लावून घरी गेलो. आतले ताण तसेच असतात. काही तासांनी, माणूस जवळ नसताना, कडकन आवाज होतो. सकाळी बघावं तर डाय (पोलादी साचा) उभी चिरलेली. आमच्याकडं रात्रपाळीच्या वॉचमननं असा आवाज ऐकला आणि दुसऱ्या दिवशी खात्यात लिंबू-मिरची बांधून गेला. मला कारण माहीत होतं. तरी ते लिंबू मी काढलं नाही.

सगळ्यात_शंका

हे वापरा. हे मान्य.

अव्वाची_नात

एक विचारायचं राहिलं. तांबडी_माती, तुमच्या देवळात बायकांना प्रवेश आहे का? पहिल्या प्रकरणात 'भट्टीवर स्त्रीची सावली पडू नये' असं वाक्य आहे म्हणालात (खासगी निरोपात).

तांबडी_माती

हो, लिहिलं होतं. जुन्या जगाचा वास यावा म्हणून.

अव्वाची_नात

मग घण कोण मारणार? आमच्या गावाबाहेर घिसाडी यायचे. रस्त्याकडेला खड्डा करून भट्टी. म्हातारा सांडशीनं फाळ धरून बसलेला, छोटी पोर भाता ओढतेय, आणि उभं राहून घण मारणारी बाई. पदर खोचलेला, पाळण्यात मूल. म्हातारा हातोडीनं जिथं टिकटिक करायचा तिथंच ती पुढचा घाव घालायची. तोंडानं एक शब्द नाही. आठवून बघा, तुम्हीही बघितलं असणार. नुसता वास यावा म्हणून बाईला बाहेर ठेवू नका हो, दादा.

तांबडी_माती

बघितलंय. खानापूरच्या बाजारालाच बघितलंय, आणि तरी ते वाक्य लिहिलं. काढतो.

वाळवंटातला_मुंगूस

धातूचा देव म्हटल्यावर सगळे लोखंडावरच घसरलात. काशाचं काय? विजयपूरची मुलुख मैदान तोफ काशाची. 1549 साली अहमदनगरला ओतली, वजन सुमारे 55 टन, तोंडाशी जबडा पसरलेला सिंह. तेवढं काशं एका दमात ओतताना किती भट्ट्या एकदम फोडल्या असतील आणि त्या दिवशी तिथं किती जणांनी श्वास धरला असेल याचा विचार करा. काशाला सुमारे साडेनऊशे ते हजार अंश पुरतात, म्हणजे तुमच्या भात्याच्या आवाक्यात. ज्यांना अभिषेकच हवा त्यांनी काशाचा करावा.

आणि बीदरची कलाकुसर. जस्त-तांब्याच्या काळ्या भांड्यांवर चांदीची नक्षी. तो काळा रंग पक्का करायला बीदरच्या किल्ल्यातली माती लागते. कारागीर ती माती जिभेवर ठेवून पारखतात. पुजाऱ्याची परीक्षा घ्यायची असेल तर मंत्र पाठ म्हणून घेण्यापेक्षा माती चाखायला लावा.

पुण्यात_अडकलेला

माती चाखणं +१. तीर्थाऐवजी माती. आमच्याकडं पाण्याच्या टँकरनं तीर्थ येतं तेवढंच.

आणखी एक, मध्य भारतातल्या आगरिया लोकांबद्दल वाचा. पिढ्यानपिढ्या लोखंड गाळणारे. त्यांचा लोहासुर लोखंडाचा, कोयलासुर कोळशाचा, आग्यासुर आगीचा. असुर म्हणतात, देव नाही! म्हणजे चांगलाच असायला हवा अशी अट नाही.

तांबडी_माती

मंडळी, दोन आठवडे गायब होतो, लिहीत होतो. लोहेंद्र मोडीत काढला. नवीन जे जमलं ते थोडक्यात मांडतो. चुका दाखवा, पण हळू.

देऊळ नदीकाठी, जमिनीत अर्धं खणलेलं, खिडकी नाही. आत मूर्ती म्हणजे लोखंडाचा एक ओबडधोबड गोळा, कलिंगडाएवढा. त्याला नाक-डोळे नाहीत. उत्तर काठचे त्याला उक्कोबा म्हणतात, दक्षिण काठचे उक्कव्वा. पुरुष की बाई यावरून दोन काठांत पिढ्यान्‌पिढ्या भांडण आहे. गोळ्याकडे बघून निकाल लागत नाही.

वर्षातून एकदा, पाऊस संपून वाळू कोरडी झाली की, दोन्ही काठांची माणसं येतात. प्रत्येक गावातून त्या वर्षी झिजून निकामी झालेलं एक अवजार येतं. फाळाचं टोक, विळ्याची पाठ, घोड्याचा नाल. तलवारही चालते, पण तुटलेली हवी. गोळा भट्टीत जातो. भात्यावर एक उत्तरेचा, एक दक्षिणेची. वर छताला दोरीनं लोहचुंबकाचा खडा टांगलेला असतो, तो गोळ्याच्या ओढीनं तिरका झालेला. सगळे त्या खड्याकडे बघत बसतात. गोळा तापत जातो, तांबडा होतो, आणि अचानक खडा सुटतो, सरळ लोंबायला लागतो. म्हणजे देव आला. त्या क्षणी कुणी बोलत नाही. नवस बोलायचा असेल तो मनात बोलायचा, खडा परत तिरका होईपर्यंतच ऐकला जातो.

मग धग वाढवून जुनी अवजारं त्याच्यावर ठोकून एकजीव करतात. दगडाच्या देवाबद्दल आपण म्हणतो, टाकीचे घाव सोसल्याशिवाय देवपण येत नाही. इथं उलट आहे. कुणी हौसेनं नाक-डोळे कोरलेच तर त्या वर्षीच्या घावांत ते जातात.

पाणी_देणारा

खडा फार छान. एक बारीक काळजी घ्या. नैसर्गिक लोहचुंबक स्वतः 580 अंशांच्या आसपास आपलं चुंबकत्व गमावतो. भट्टीच्या अगदी जवळ टांगलात तर लोखंडाआधी खडाच जाईल. म्हणजे खोटा देव येईल! उलट याचाच उपयोग करा. लबाड पुजारी खडा खाली टांगतो, देव लवकर येतो, लोखंड अजून तयार नाही, जोड बसत नाही.

आणि जोडाला पिवळा-पांढरा ताव लागेल. फुलबाज्यांसारख्या ठिणग्या उडायला लागल्या तर समजायचं लोखंड जळतंय. जोडण्याआधी वर बारीक वाळू टाकतात. ती वितळून पापुद्रा सोडवते आणि पहिल्या घावाला बाहेर फेकली जाते. तीच अक्षत समजा.

कोल्डशट

बरं झालंय. पण हिशोब चुकलाय बघ. दरवर्षी सगळ्या गावांची अवजारं चिकटवत गेलास तर शंभर वर्षांत देव बैलगाडीएवढा होईल. दोन भात्यांनी तो आतपर्यंत तापणार नाही. वरून पिवळा, आत काळा. अशा गोळ्यावर घण मारून काय उपयोग नाही.

तांबडी_माती

अरे देवा. मग?

कोल्डशट

मग कापायचा. गरम असतानाच छिन्नीनं तेवढाच तुकडा खालून काढायचा. जेवढा भाता, तेवढा देव. काढलेला तुकडा कुणाला द्यायचा ते तू बघ.

अव्वाची_नात

ज्या घरात त्या वर्षी फाळ मोडला त्यांना. त्याचा नवा फाळ करायचा. आणि तो झिजला की परत देवळात.

निपाणीचा_धूर

म्हणजे शंभर वर्षांनी गोळ्यात पहिल्या दिवशीचं लोखंड किती उरलं असेल?

सगळ्यात_शंका

आणि गावातल्या किती फाळांत देव असेल? हां, आता भांडता येईल याच्याशी. मी विरोध मागे घेतो, तात्पुरता.

घाटावरचा

मागचं सोडा. मला हा गोळा आवडला. फक्त एक विचारतो, कोळसा कुठून येतो? सह्याद्रीच्या माथ्यावर, महाबळेश्वर-कोल्हापूरच्या बाजूला धावड लोक लोखंड गाळायचे. इंग्रजांच्या काळात जंगलावर बंधनं आली, कोळसा मिळेना, बाहेरचं लोखंड स्वस्तात यायला लागलं, आणि भट्ट्या विझल्या. आज तिथं रानात मळीचे ढिगारे सापडतात, बास. तुमच्या तांबरीकाठी झाडं संपली तर उक्कोबा काय करेल?

तांबडी_माती

याचा विचारच केला नव्हता. काठावरचं रान उत्तरेच्या ताब्यात, खाण दक्षिणेच्या. कादंबरीचा दुसरा भाग तुम्हीच दिलात की हो.

घाटावरचा

मग नावात 'बा'च ठेवा, 'व्वा' नको.

अव्वाची_नात

😀 रान तुमचं, पण लोखंड आमचं!

वाळवंटातला_मुंगूस

मळीवरून आठवलं. आयुर्वेदात मंडूर म्हणून जे वापरतात ते जुन्या भट्ट्यांचं लोखंडाचं कीटच. जितकं जुनं तितकं चांगलं मानतात. अंगात रक्त कमी असलेल्यांना मंडूर भस्म देतात. बाळंतिणीला देवळाबाहेरच्या ढिगाऱ्यातला खडा प्रसाद म्हणून द्या. (खऱ्या आयुष्यात वैद्याला विचारल्याशिवाय नको, हे संपादकांसाठी.)

पुण्यात_अडकलेला

वहिनींना नवीन प्रकरण वाचायला दिलंत का?

तांबडी_माती

दिलं. खड्याच्या प्रसंगाशी थांबली. म्हणाली, भात्यावरच्या दक्षिणेच्या बाईचं नाव काय? मी म्हटलं, नाव नाही, ती एका ओळीत येते आणि जाते. तिनं वही परत दिली आणि म्हणाली, नाव ठेव, मग पुढचं वाचते.

तर आता नाव हवंय. दक्षिण काठचं, पण उत्तरेच्या माणसाला नीट उच्चारता न येणारं.

कोल्डशट

आमच्या खात्यात कोअर (ओतीव मालात पोकळी राहावी म्हणून साच्यात ठेवतात तो वाळूचा गाभा) बनवायला एक मावशी होत्या. नाव लिहीत नाही, विचारून सांगतो. सोमवारी.